वडिलांच्या घरकर्जाची जुनी नोटीस आली तर : सरकारी वसुलीची मुदत कशी मोजायची

घर बांधून पंचवीस-तीस वर्षं झालेली असतात. कर्ज काढणारे वडील हयात नसतात. आणि एक दिवस पोस्टमन नोटीस देऊन जातो: मूळ कर्ज चाळीस हजार, व्याज आणि दंडव्याज धरून येणे चार लाख, सात दिवसांत भरा, नाहीतर घर जप्त करू. घरात मग दोनपैकी एक गोष्ट होते. कोणी घाबरून दागिने मोडायला निघतं. कोणी ‘तीन वर्षं झाली की कर्ज बुडतं’ असं कुठेतरी ऐकलेलं आठवून नोटीस बाजूला टाकतं. पहिल्यात नसलेलं देणं भरलं जाण्याची भीती आहे, दुसऱ्यात हातचं घर जाण्याची.

कर्जवसुलीला कायद्याने मुदत आहे हे खरं. पण ती सगळ्यांना एकच नाही. कर्ज कोणी दिलं, त्याला काय तारण होतं, पैसे परत मागण्याचा हक्क कोणत्या तारखेला सुरू झाला आणि मध्ये कोणी कुठे सही केली, या चार गोष्टींवर ती ठरते. म्हणून आधी या चार गोष्टी शोधायच्या, आकडेमोड नंतर. हा लेख महाराष्ट्रातल्या, पहिल्यांदाच अशी नोटीस हातात पडलेल्या घरांसाठी आहे.

आधी हात आवरा

नोटीस आल्यापासून हिशेब लागेपर्यंत दोन गोष्टी करू नका: कुठेही सही करू नका आणि एक रुपयाही भरू नका. वसुलीला आलेला माणूस बहुतेकदा सभ्यच असतो. तो म्हणतो, ‘साहेबांना दाखवायला पाचशे रुपये भरा, प्रकरण थांबवतो’, किंवा ‘फक्त भरणार आहे एवढं लिहून द्या’. या पाचशे रुपयांची आणि त्या एका ओळीची किंमत काय, ते पुढे येईलच. नोटीस ज्या दिवशी मिळाली ती तारीख तिच्यावरच पेन्सिलीने लिहा आणि लिफाफा फेकू नका, कारण टपालाचा शिक्का हा पुरावा असतो. नोटीस घ्यायला नकार देऊ नका. नकार दिला तरी ती बजावली गेली असं धरता येतं, आणि आत काय लिहिलंय हे मात्र तुम्हाला कळत नाही.

पैसा नेमका कोणाचा

ही सगळ्यात महत्त्वाची पायरी आहे, आणि लोक नेमकी हीच ओलांडून पुढे जातात. आपल्याकडे म्हाडा, सिडको, हुडको, राष्ट्रीयीकृत बँक, जिल्हा परिषद या सगळ्यांना ‘सरकार’ म्हणायची सवय आहे. मुदत कायदा तसं मानत नाही.

मुदत कायदा १९६३ चा आहे (सरकारी मराठीत ‘परिसीमा अधिनियम’). त्याच्या अनुसूचीतल्या कलम ११२ नुसार केंद्र किंवा राज्य सरकारने, किंवा सरकारच्या वतीने, केलेल्या दाव्याला ३० वर्षांची मुदत आहे. जुन्या, १९०८ च्या कायद्यात ती ६० वर्षं होती. म्हणजे पैसा थेट शासनाच्या तिजोरीतून आला असेल, तर ‘तीन वर्षं झाली’ हा युक्तिवाद चालत नाही.

पण महामंडळ, सरकारी कंपनी, सरकारी बँक यांना कायद्याने स्वतःचं वेगळं अस्तित्व आहे. भांडवल सरकारचं असलं तरी दावा त्या संस्थेचा असतो, सरकारचा नव्हे. त्यांना सर्वसामान्य सावकारासारखीच मुदत लागू होते. मधली एक अडचणीची जागा आहे ती लक्षात ठेवा. काही योजनांमध्ये पैसा शासनाचा असतो आणि महामंडळ फक्त वाटप करतं. तिथे ‘आम्ही शासनाच्या वतीने वसूल करतोय’ असं म्हटलं जाऊ शकतं. ते खरं की खोटं, हे कर्जाच्या करारनाम्यावरून ठरतं: कर्ज देणारा पक्ष म्हणून तिथे कोणाचं नाव आहे ते बघा. ‘महाराष्ट्राचे राज्यपाल’ असं लिहिलेलं असेल तर कर्ज शासनाचं. संस्थेचं नाव असेल तर कर्ज संस्थेचं.

करारनामा घरात सापडत नसेल तर तीन ठिकाणी शोधा. सात-बारा किंवा मिळकत पत्रिकेवर ‘इतर हक्क’ या रकान्यात बोजा कोणाच्या नावाचा आहे ते पाहा आणि त्या बोजाच्या फेरफाराची नक्कल काढा. फेरफारात कर्जाची तारीख आणि रक्कम बहुतेकदा असते. गहाणखत नोंदवलेलं असेल तर दुय्यम निबंधक कार्यालयातून त्याची प्रत मिळते. आणि नोटीस पाठवणाऱ्या सार्वजनिक कार्यालयाकडे १० रुपयांच्या शुल्कात माहितीचा अधिकार वापरून पूर्ण खातेउतारा, करारनामा आणि कर्जदाराने दिलेली सगळी पत्रं मागा. उत्तर ३० दिवसांत यायला हवं, नाही आलं तर पहिलं अपील करा. अर्जात ‘माझ्या वडिलांचे कर्ज’ असं लिहू नका, ‘नोटीस क्रमांक अमुक मध्ये उल्लेखलेले कर्जखाते’ असं लिहा.

तीन वर्षं, बारा वर्षं, तीस वर्षं

आता संस्थेच्या कर्जाचा हिशेब. नुसत्या करारावर, तारणाशिवाय दिलेल्या पैशाच्या दाव्याला मुदत ३ वर्षं. घर किंवा जागा गहाण ठेवलेली असेल तर त्या मिळकतीतून वसुली करण्याच्या दाव्याला अनुसूचीच्या कलम ६२ नुसार १२ वर्षं. घरकर्ज बहुतेक तारणावरच असतं, म्हणून तुमचा आकडा बहुधा बाराचा. या दोन मुदती एकाच कर्जात शेजारी शेजारी चालतात हे फार थोड्यांना माहीत असतं. तीन वर्षांनंतर कर्जदाराच्या पगारावर किंवा इतर मालमत्तेवर जाण्याचा रस्ता बंद झालेला असू शकतो, पण गहाण घरावरचा रस्ता बारा वर्षं उघडा राहतो. आणि संस्थेने मुदतीत दावा करून हुकूमनामा (दिवाणी कोर्टाचा वसुलीचा निर्णय) मिळवलेला असेल, तर तो अंमलात आणायला कलम १३६ खाली आणखी १२ वर्षं मिळतात. म्हणून ‘कोर्टात कधी काही झालं होतं का’ हे घरातल्या जाणत्यांना खोदून विचारा. आई म्हणते, ‘हो, एकदा ते नाशिकला तारखेला जायचे’, आणि सगळं गणितच बदलतं.

मुदत मोजायची कुठून? कर्ज घेतल्याच्या तारखेपासून नाही, शेवटचा हप्ता भरला त्या तारखेपासूनही एरवी नाही (अपवाद पुढे येतो). रक्कम देय झाली त्या तारखेपासून. हप्त्यांच्या कर्जात प्रत्येक हप्ता त्याच्या त्याच्या तारखेला देय होतो. वीस वर्षांच्या कर्जाचे शेवटचे हप्ते वीस वर्षांनी देय होतात, त्यामुळे सुरुवातीचे हप्ते मुदतबाह्य आणि शेवटचे मुदतीत, असंही होतं. मात्र बऱ्याच करारांत ‘हप्ता चुकला तर संपूर्ण कर्ज एकदम परत मागता येईल’ अशी अट असते. संस्थेने ती अट वापरून सगळी रक्कम मागितली असेल, तर मोजणी त्या मागणीभोवती फिरते. जुन्या कागदांत ‘संपूर्ण कर्ज परत मागविण्यात येत आहे’ असं पत्र सापडलं, तर ते सोन्यासारखं जपा. संस्थेला ते पत्र आज नकोसं असतं.

जामीनदाराचं घड्याळ वेगळं असू शकतं. हमीपत्रात ‘मागणी केल्यावर देईन’ असं असेल, तर त्याच्यावरची मुदत मागणी झाल्यावर सुरू होते.

एक सही काय करते

मुदत कायद्याच्या कलम १८ प्रमाणे, मुदत संपायच्या आत कर्जदाराने देणं मान्य करणारं काहीही लिहून सही केली, तर त्या सहीच्या दिवसापासून पूर्ण मुदत नव्याने सुरू होते. ‘हप्ते पाडून द्या’ ही विनंती, ‘व्याज माफ करा’ हा अर्ज, वर्षअखेरीस पाठवलेल्या शिल्लक-पत्रावरची सही, सगळं यात येऊ शकतं. कलम १९ प्रमाणे मुदतीच्या आत काही रक्कम भरली आणि त्या भरण्याची नोंद भरणाऱ्याच्या हस्ताक्षरात किंवा सहीने असली, तरी तेच होतं. बँकेतली पैसे भरायची चिठ्ठी आणि चेक यांवर सही तुमचीच असते. ते पाचशे रुपये महाग पडतात ते असे.

मुदत संपल्यानंतर केलेल्या नुसत्या कबुलीने ती जिवंत होत नाही. पण इथे एक वेगळं दार आहे. करार कायद्याच्या कलम २५(३) प्रमाणे मुदतबाह्य कर्ज ‘फेडीन’ असं लेखी वचन सहीनिशी दिलं, तर तो नवा, पक्का करार होतो. एकरकमी परतफेड योजनेचे अर्ज या दृष्टीने दोनदा वाचा. छापील अर्जात वरच ‘माझ्याकडून येणे असलेली रक्कम मला मान्य असून ती फेडण्याचे मी वचन देतो’ असं असतं, आणि पुढे तडजोड फिसकटली तरी ती सही त्यांच्याकडेच राहते.

सहकर्जदारांनी घाबरून जाऊ नये. कलम २० सांगतं की एका सहकर्जदाराच्या कबुलीने किंवा भरण्याने, केवळ तेवढ्यावरून, दुसरा बांधला जात नाही. धाकट्या भावाने सही केली म्हणून थोरल्या बहिणीची मुदत आपोआप लांबत नाही. वारसांची जबाबदारीही मृताकडून जेवढी मालमत्ता मिळाली तेवढ्यापुरतीच. तुमच्या स्वतःच्या पगारावर वडिलांचं कर्ज येत नाही, तुम्ही स्वतः कर्जदार किंवा जामीनदार नसाल तर.

अजून एक वजाबाकी करायला हवी. कोविडच्या काळात सर्वोच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेऊन १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतीतून वगळला. त्यावरचा शेवटचा आदेश १० जानेवारी २०२२ चा. हे जवळजवळ दोन वर्षं विसरून लोक ‘मुदत संपली’ असं छातीठोक लिहून देतात आणि पहिल्याच तारखेला तोंडघशी पडतात.

समजा महामंडळाने घर गहाण ठेवून कर्ज दिलं, आणि १० जानेवारी २०१० रोजी सगळं कर्ज एकदम देय झालं. बारा वर्षं १० जानेवारी २०२२ ला भरली असती. कोविडचे ७१६ दिवस मिळवल्यावर मुदत डिसेंबर २०२३ च्या अखेरपर्यंत गेली. त्यानंतर पहिल्यांदाच दावा आला तर तो मुदतबाह्य. पण ऑगस्ट २०१९ मध्ये वडिलांनी ‘हप्ते कमी करून द्या’ असा अर्ज सहीनिशी दिलेला निघाला, तर बारा वर्षं तिथून पुन्हा मोजायची, म्हणजे २०३१ च्या पुढेच. एका अर्जाने उत्तर उलटं झालं. म्हणून संस्थेच्या फाइलमधली प्रत्येक पत्राची प्रत मागितल्याशिवाय कोणताही हिशेब पुरा समजू नका.

नोटीस कोणत्या रस्त्याने आली

जुन्या वसुलीसाठी सगळे कोर्टात जात नाहीत. नोटिशीच्या वरच्या कोपऱ्यात कोणत्या कायद्याचं नाव आहे ते बघा, कारण त्यावर *तुमची* मुदत ठरते. ती फार छोटी असते.

बँक किंवा गृहवित्त कंपनीची नोटीस २००२ च्या सरफेसी कायद्याच्या (कोर्टात न जाता तारण ताब्यात घेऊ देणारा कायदा) कलम १३(२) खाली असेल, तर तुम्हाला ६० दिवस असतात. त्या काळात लेखी हरकत द्या; तिला १५ दिवसांत कारणांसह उत्तर देणं त्यांच्यावर बंधनकारक आहे. ताबा घेण्यासारखी कारवाई झाली, तर कर्जवसुली न्यायाधिकरणाकडे जायला ४५ दिवस. याच कायद्याचं कलम ३६ म्हणतं की मूळ मागणी मुदत कायद्यात बसत असेल तरच ही कारवाई करता येते, म्हणजे सरफेसी हा मुदतीला वळसा घालायचा मार्ग नाही. शिवाय १ लाखापर्यंतच्या कर्जाला आणि शेतजमिनीच्या तारणाला हा कायदा लागू होत नाही. गावाकडच्या जुन्या, छोट्या कर्जांसाठी हे फार कामाचं आहे.

नोटीस तहसीलदारांकडून, महाराष्ट्र जमीन महसूल संहितेखाली, ‘जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसुली’ अशी आली, तर लोकांचे पाय लटपटतात, कारण तिच्यात जंगम आणि स्थावर मालमत्तेच्या जप्ती-लिलावापासून अटकेपर्यंतचे अधिकार आहेत. इथे समजून घ्यायची गोष्ट अशी की मुदत संपली की नाही हे तहसील कार्यालय सहसा तपासत नाही. संस्थेकडून आलेल्या मागणीपत्रावर ते पुढे जातं. ते तपासायला लावणं तुमच्या हातात आहे. केरळ राज्य विरुद्ध व्ही. आर. कल्लियानीकुट्टी या प्रकरणात १९९९ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की दावा करून जे कर्ज मुदतबाह्य झाल्यामुळे वसूल होणार नाही, ते महसुली वसुलीच्या कायद्याखाली ‘येणे रक्कम’ म्हणून वसूल करता येत नाही. निकाल केरळच्या कायद्यावरचा आहे, पण तर्क तोच, आणि आपल्याकडच्या हरकतीत तो नावानिशी मांडायला हवा. तहसीलदारांच्या आदेशावर प्रांताधिकाऱ्यांकडे अपील ६० दिवसांत. अपील केलं म्हणून वसुली आपोआप थांबत नाही, स्थगितीचा अर्ज वेगळा द्या.

सहकारी संस्थेचं कर्ज असेल तर जास्त सावध राहा. महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ९२ मुळे सभासदाकडच्या येण्याच्या वादाची मुदत तो सभासद वारल्यापासून किंवा त्याचं सभासदत्व संपल्यापासून मोजली जाते. तो सभासद आहे तोवर ती सुरूच होत नाही. ‘१०१ चा दाखला’ म्हणतात तो वसुली दाखला सहकारी संस्थांच्या निबंधकांच्या कार्यालयातून संस्थेला मिळाला, की त्याविरुद्ध पुनरीक्षणाला (वरिष्ठांकडे फेरतपासणीला) जाताना येणे रकमेच्या ५० टक्के आधी भरावे लागतात. त्यामुळे सगळी लढाई दाखला निघण्याआधीच्या चौकशीतच लढायची. त्या चौकशीची नोटीस दोन ओळींची, बिनमहत्त्वाची दिसते. तिथे हजर राहा, लेखी म्हणणं द्या, पोच घ्या.

लोकअदालतीची नोटीस मात्र वेगळी. ती तडजोडीचं आमंत्रण आहे, आदेश नव्हे. जाऊन ‘तडजोड मान्य नाही’ म्हणायचा तुम्हाला पूर्ण हक्क आहे. पण तिथे सही केली तर तो निवाडा दिवाणी हुकूमनाम्यासारखा पक्का होतो आणि त्यावर अपील नाही.

वडील सरकारी नोकर असतील तर

घरबांधणी अग्रिम हे शासनाने आपल्या कर्मचाऱ्याला दिलेलं कर्ज आहे. घर राष्ट्रपतींच्या किंवा राज्यपालांच्या नावे गहाण असतं. इथे तीस वर्षांची मुदत तर आहेच, शिवाय शासनाला दाव्याची गरजही क्वचित पडते, कारण पगारातून आणि शेवटी सेवा उपदानातून (ग्रॅच्युइटीतून) कपात होते. घरच्यांची गफलत एका ठिकाणी होते. केंद्राच्या नियमांत आधी मुद्दल १८० पर्यंत हप्त्यांत वळतं होतं आणि त्यानंतर व्याज ६० पर्यंत हप्त्यांत. मुद्दल संपलं तेव्हा ‘कर्ज फिटलं’ असं घरी सांगितलेलं असतं, आणि व्याजाचे हप्ते चालू असतानाच निवृत्ती किंवा मृत्यू येतो. म्हणून कार्यालयाकडून मुद्दल आणि व्याज अशी दोन स्वतंत्र विवरणं मागा.

कर्मचाऱ्यांच्या गटांत २०१४ च्या रफीक मसीह निकालाचा दाखला फार फिरतो. तो चुकून जादा दिल्या गेलेल्या वेतनाच्या वसुलीबद्दल आहे. स्वतः अर्ज करून घेतलेल्या कर्जाला तो लागत नाही, त्यावर भिस्त ठेवू नका. आईला मिळणारं शासकीय कुटुंब निवृत्तिवेतन मात्र बाहेरच्या सावकाराला किंवा बँकेला कोर्टामार्फत जप्त करता येत नाही, आणि ‘पेन्शन बंद करू’ अशा धमकीला तिने बळी पडू नये.

उत्तर कसं लिहायचं

उत्तर द्यायचंच, आणि कबुली न देता द्यायचं. साधारण असं: ‘आपली दिनांक अमुकची नोटीस मला दिनांक तमुक रोजी मिळाली. नोटिशीतील कोणतेही देणे मान्य न करता आणि माझे सर्व हक्क राखून कळवितो की, सदर मागणी प्रथमदर्शनी मुदतबाह्य दिसते. मूळ करारनामा, संपूर्ण खातेउतारा, रक्कम देय झाल्याची तारीख आणि मुदत वाढविणारी कोणतीही कबुली असल्यास तिची प्रत द्यावी. तोपर्यंत सक्तीची कारवाई करू नये.’ शासनाचं स्वतःचं कर्ज असेल तर मुदतबाह्य हा शब्द तीस वर्षांचा हिशेब करूनच घाला. स्पीड पोस्टने पाठवा किंवा आवक विभागाचा शिक्का घ्या. तहसीलदारांची नोटीस असेल तर एक प्रत त्यांना आणि एक मागणी करणाऱ्या संस्थेला.

वकील परवडत नसेल म्हणून गप्प बसू नका. तालुका न्यायालयातच विधी सेवा समिती असते. महिला, अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्ती यांना उत्पन्न कितीही असलं तरी तिथे मोफत वकील मिळतो. नोटीस आईच्या नावाची असेल तर अर्ज आईचाच करा.

मुदत संपली म्हणजे घर मोकळं झालं का

झालं नाही. मुदत संपली की कोर्टाचा रस्ता बंद होतो, देणं मात्र कागदावर उरतं. संस्थेच्या ताब्यात आधीपासून एखादी ठेव तारण असेल तर तिच्यातून ती रक्कम वळती करू शकते. सर्वोच्च न्यायालयाने १९९२ साली एका बँकेच्या प्रकरणात हे मान्य केलं आहे. मुदतबाह्य देणं तुम्ही आपणहून भरलंत तर ‘मुदत संपली होती’ म्हणून परत मागता येत नाही. आणि सात-बारावरचा बोजा तसाच राहतो. घर विकायला किंवा नवं कर्ज काढायला गेलात की तो समोर येतो.

माझं मत स्पष्ट आहे. कर्ज खरोखर घेतलं असेल, घर त्यावरच उभं असेल आणि ऐपत असेल, तर मुद्दल आणि रास्त व्याजावर तडजोड करून मोकळं व्हावं. मुदतीचा मुद्दा हातात असला की ही तडजोड बरोबरीच्या नात्याने करता येते, गयावया करावी लागत नाही. ज्यांची ऐपतच नाही, ज्या विधवा बाईकडे त्या घराशिवाय काही नाही, तिने मात्र संकोच न करता मुदतीचं संरक्षण घ्यावं. कायद्याने ते तिच्यासाठीच ठेवलं आहे.

तडजोड केलीत तर पैसे भरण्याआधी लेखी मंजुरीपत्र घ्या: अंतिम रक्कम किती, कोणत्या तारखेपर्यंत, आणि त्यानंतर काही येणे राहणार नाही हे वाक्य. रोख देऊ नका. बँक किंवा गृहवित्त कंपनी असेल तर पूर्ण परतफेडीनंतर ३० दिवसांत मूळ कागद परत करणं आणि बोजा उतरवणं तिच्यावर बंधनकारक आहे. रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०२३ च्या परिपत्रकानुसार तिच्यामुळे उशीर झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. कर्ज शासनाचं असेल तर गहाण सोडल्याचा दस्त मागून घ्या. बेबाकी दाखला (काही येणे नाही असा दाखला) आणि बोजा कमी करण्याचं पत्र हातात आलं की तलाठी कार्यालयात किंवा शहरात असाल तर नगर भूमापन कार्यालयात फेरफारासाठी अर्ज द्या, आणि नोंद प्रमाणित झाल्यावर नवा उतारा काढून ‘इतर हक्क’चा रकाना स्वतःच्या डोळ्यांनी वाचा.